पत्ता दुसऱ्याचा

देशातल्या बहुतेकांची भिवंडीशी ओळख मोबाइलच्या पडद्यावरच होते. परभणीत कुणी मिक्सर मागवतं, साताऱ्यात कुणी चपला, आणि दोघांनाही रात्री निरोप येतो की आपली वस्तू भिवंडीला पोहोचली. सकाळी दुसरा निरोप, वस्तू भिवंडीहून निघाली. मधल्या रात्री ती इथे काय करत होती, हे कुणी विचारत नाही. परगावी लग्नाकार्यात मी भिवंडीचा असं सांगितलं की समोरचा हमखास म्हणतो, "अहो, आमचा फ्रीज तुमच्याकडे चार दिवस अडकला होता!" जणू मीच तो घरी नेऊन त्यात कैऱ्या ठेवल्या होत्या.

याचा राग मानण्यात अर्थ नाही. मानकोली, राहनाळ, पूर्णा, काल्हेर या गावांत पूर्वी भाताची खाचरं होती. मुंबईची जकात चुकते आणि नाशिकचा हायवे दाराशी आहे, हे व्यापाऱ्यांच्या लक्षात आलं, तशी खाचरांवर पत्र्याची गोदामं उभी राहिली. पुढे जकात गेली, गोदामं मात्र वाढतच राहिली. त्यांच्याआधी आम्ही यंत्रमागवाले. तिथेही तीच तऱ्हा. सूत व्यापाऱ्याचं, मजुरी आमची, विणून निघालं ते ग्रे कापड. धुलाई, रंग, छपाई दुसरीकडे आणि शिक्का तिसऱ्याचाच. 1982 मध्ये मुंबईच्या गिरण्या संपात बंद पडल्या तेव्हा त्यांचं बरंच काम इथल्या मागांवर आलं, आणि परळच्या घरांत चूल विझत होती तेव्हा आमच्याकडे रात्रपाळ्या वाढल्या. यात अभिमान बाळगावा की खाली बघावं, हे भिवंडीचं अजून ठरलेलं नाही. माझे वडील सुताच्या एका व्यापाऱ्याकडे मुनीम होते. ते म्हणायचे, या गावात तयार सगळं होतं, राहत काही नाही.

आठवणींचा व्यवहारही असाच चालत असावा, असं मला हल्ली वाटू लागलं आहे. स्वतःच्या पत्त्यावर आठवण क्वचितच येते. ती दुसऱ्याच्या दारात उतरते आणि मग आपल्याला निरोप जातो. हा विचार माझ्या डोक्यात पुतणीने भरवला.

पुतणी सिनेमा शिकते. म्हणजे नक्की काय शिकते, ते तिच्या वडिलांना, म्हणजे माझ्या दादाला, अजून उमगलेलं नाही; फीचा आकडा मात्र त्याला पाठ आहे. मागच्या दिवाळीत ती कॅमेरा, तिपाई आणि सशासारखं दिसणारं केसाळ आवरण घातलेला माइक घेऊन ब्राह्मण आळीतल्या आमच्या जुन्या घरी आली आणि म्हणाली, मी आजीवर फिल्म करणार.

"आजीवर?" दादा म्हणाला. "आजी जाऊन किती वर्षं झाली!"

"म्हणून तर आठवणीवर."

"मग माहितीपट म्हण ना."

"माहितीपट नाही, बाबा. आणि गोष्टही नाही. दोन्हीच्या मध्ये."

"मध्ये म्हणजे कुठे? कल्याण नाक्याजवळ?"

दादाचा दोष नाही. आमच्या पिढीची माहितीपटाशी ओळख अंधारात झाली आणि तीही पाठमोरी. फिल्म्स डिव्हिजन 1948 मध्ये निघाली आणि पुढे कित्येक वर्षं प्रत्येक थेटरात मुख्य सिनेमाआधी तिची रिळं दाखवणं सक्तीचं होतं. धरणाचं उद्घाटन, पूरग्रस्तांना मदत, मधमाशीपालन. तेवढ्या वेळात शहाण्या माणसाने सायकलला कुलूप लावून शेंगदाणे घ्यायचे असतात, असा आमचा समज. त्याच संस्थेत 1967 मध्ये एस. एन. एस. शास्त्रींनी 'आय अ‍ॅम ट्वेंटी' केला होता, स्वातंत्र्याबरोबर जन्मलेल्या तरुणांना वीस वर्षांनी गाठून त्यांना बोलतं करणारा. तिथेच प्रमोद पती कॅमेऱ्याला वेड लागल्यासारखे नाचवत होते. हे सगळं मला पुतणीने लॅपटॉपवर दाखवलं तेव्हा कळलं. भारतीय प्रयोगशील सिनेमाचा एक मोठा कालखंड माझ्या पिढीने शेंगदाण्यांपायी घालवला.

तर पुतणीला हवी होती आजीची एक मैत्रीण. मागच्या गल्लीतल्या मोमीन विणकराच्या घरातली. आमच्या आईची आणि तिची दोस्ती होती एवढं सगळ्यांना माहीत. ती 1970 नंतर मालेगावला गेली, एवढंही माहीत. त्यापुढे कुणाला काही सांगता येईना, म्हणून साक्षीदार म्हणून माझ्या थोरल्या बहिणीला बसवायचं ठरलं.

ताई इंदुरी साडी नेसून आली. केसांत गजरा. खुर्चीत बसली, पदर सारखा केला, आणि पुतणीने "आत्या, आजीची मैत्रीण आठवते?" असं विचारताच आकाशवाणीच्या आवाजात सुरू झाली, "भिवंडी हे एक ऐतिहासिक शहर असून येथे सर्व धर्मांचे लोक गुण्यागोविंदाने..." पुतणीने हळूच थांबवलं. "आत्या, तुझ्या भाषेत बोल." ताई म्हणाली, "हीच माझी भाषा. मी शिक्षिका होते." पुन्हा प्रयत्न. या खेपेला शहराच्या ऐतिहासिकतेत कामवारी नदी आणि अंजूरचे नाईकही आले.

कॅमेरा बंद झाला. ताई आत गेली, इंदुरीवर टॉवेल पसरून मेथी निवडायला बसली आणि पानं खुडता खुडता म्हणाली, "यायची तर ती मागच्या दाराने. हातात चिंध्यांचं गाठोडं. मागावरची चिंधी बरं का, कोरी, स्वच्छ. त्या चिंध्यांची आई गोधडी शिवायची. आणि जाताना ती लिंबाचं लोणचं न्यायची. बरणी कधी परत आणायची नाही, मेली."

पुतणी स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. तिचा चेहरा पाहून मला दया आली. सशाची कातडी पांघरलेला माइक बाहेरच्या खोलीत पंख्याचा आवाज टिपत होता.

त्या रात्री तिने आम्हाला पायल कपाडियांचा 'अ नाइट ऑफ नोइंग नथिंग' दाखवला. 2021 साली कानच्या महोत्सवात त्याला उत्कृष्ट माहितीपटाचा 'गोल्डन आय' मिळाला. कपाडिया मुंबईच्या, पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटच्या विद्यार्थिनी, आणि 2015 मध्ये तिथे 139 दिवस चाललेल्या संपातल्या. सिनेमा त्या दिवसांबद्दल आहे आणि नाहीही. वसतिगृहाच्या एका खोलीत एका मुलीची पत्रं सापडतात, नाव फक्त 'एल'. ती आपल्या मित्राला लिहिते आहे. त्याच्या घरच्यांनी जातीपायी त्याला तिच्यापासून तोडलं आहे. पत्रं वाचणारा तिचा आवाज, आणि पडद्यावर काळीपांढरी, दाणेदार दृश्यं. नाचणारी मुलं, मोर्चे, लाठ्या, आणि मध्येच कुणाच्या तरी घरगुती समारंभाची जुनी रिळं, ज्यांचा कुणाशी काही संबंध नाही.

दादा पहिल्या वीस मिनिटांत झोपला. ताई मात्र जागी होती.

"ही पत्रं खरी?"

"नाही, आत्या. रचलेली."

"आणि पोरांना मारलं ते?"

"ते खरं."

"मग खऱ्याला खोट्याची पुस्ती कशाला?"

पुतणी जरा थांबली. "नुसतं खरं दाखवलं तर तू बातम्या म्हणून बघशील आणि मेथी निवडशील. कुणीतरी कुणाला तरी मनातलं सांगतंय असं वाटलं, की ऐकशील."

ताईला हे पटलं नाही. मेथीचा उल्लेख तर अजिबात आवडला नाही. पण मला त्या सिनेमातल्या परक्या घरांच्या रिळांनी धरून ठेवलं होतं. कुणाचा वाढदिवस, कुणाच्या घरचं लग्न, ओळखीचं कुणीच नाही, आणि तरी ते बघताना मला आमच्या माजघरातली पितळी समई आठवली, जी गेल्या तीस वर्षांत आठवली नव्हती. आठवायला कुणी सांगितलं असतं तर समई येती ना.

कपाडियांच्या त्याआधीच्या एका छोट्या फिल्ममध्ये भीमाशंकराजवळच्या कोंढवळ गावातल्या बायका हरवलेल्या प्रेमांबद्दल कुजबुजतात. चेहरा एकीचा आणि गोष्ट दुसरीची असली तरी कळू नये, अशी ती बांधणी. मला वाटतं, बायका त्यामुळेच बोलल्या असाव्यात. इंदुरी नेसवून खुर्चीत बसवलं असतं तर कोंढवळही ऐतिहासिक गाव झालं असतं.

आणि मग 2024 चा 'ऑल वी इमॅजिन अ‍ॅज लाइट'. कानच्या स्पर्धाविभागात भारतीय सिनेमा तीस वर्षांनी गेला होता, आणि ग्राँ प्री घेऊन आला. त्यात मुंबईतल्या एका मल्याळी परिचारिकेच्या नावाने जर्मनीहून पार्सल येतं. आत भात शिजवायचा कुकर. पाठवणाऱ्याची चिठ्ठी नाही. परदेशी गेलेल्या, फोनसुद्धा न करणाऱ्या नवऱ्यानेच पाठवला असणार. पार्सल म्हटल्यावर भिवंडीकर जरा सावरून बसतो. पण सिनेमाचं खरं पार्सल पुढेच आहे, रत्नागिरीकडच्या किनाऱ्यावर. समुद्रातून एक बुडता माणूस वर येतो, त्याला काही आठवत नाही, आणि ती परिचारिका त्याच्याशीच आपल्या नवऱ्यासारखं बोलून घेते. इतक्या वर्षांचं सगळं. नवरा प्रत्यक्ष उभा राहिला असता तर कदाचित भात झाला का एवढंच बोलणं झालं असतं.

त्याच सिनेमात छाया कदम यांची पार्वती आहे. गिरणी कामगाराची विधवा; बावीस वर्षं एका खोलीत राहिली, पण राहिल्याचा कागद नाही म्हणून बिल्डर तिला उठवतो. आठवण आहे, दस्त नाही. कानच्या लाल गालिच्यावर छाया कदम आपल्या दिवंगत आईची साडी नेसून आणि आईची नथ घालून गेल्या होत्या, हे पुतणीने सांगितल्यावर ताईने पहिल्यांदा त्या महोत्सवाबद्दल आदर दाखवला.

आता भिवंडीची गोष्ट. 7 मे 1970 रोजी शिवजयंतीच्या मिरवणुकीच्या दिवशी इथे दंगल पेटली. त्या मे महिन्यातल्या भिवंडी, जळगाव आणि महाडच्या दंगलींची चौकशी न्यायमूर्ती डी. पी. मादन यांच्या आयोगाने केली. साक्षी, उलटतपासणी, खंडामागून खंड. कुठे कोण जमलं, कुणी काय घोषणा दिली, पोलिसांनी काय केलं आणि काय केलं नाही, सगळं लिहिलेलं. यापेक्षा मोठा माहितीपट या गावावर झालेला नाही, आणि तो वाचलेला माणूस मला आळीत अजून भेटलेला नाही.

दंगलीनंतर मुंबईहून काही मंडळी भिवंडी बघायला आली. अभिनेते बलराज साहनी होते आणि त्यांच्याबरोबर धाकटा भाऊ भीष्म. दिल्लीच्या कॉलेजात शिकवणारा, हिंदीत कथा लिहिणारा, रावळपिंडीचा माणूस. त्याने जळलेली घरं पाहिली, आगीने वितळलेले माग पाहिले. आणि त्याला आठवली 1947 च्या मार्चमधली रावळपिंडी, जिथे काँग्रेसचा कार्यकर्ता म्हणून तो दंगलग्रस्तांच्या मदतीला फिरला होता. दिल्लीला परतून तो लिहायला बसला आणि 'तमस' झाली. हे त्याने स्वतःच आत्मचरित्रात लिहून ठेवलं आहे. तेवीस वर्षं रावळपिंडीची ती कादंबरी त्याच्या आत कुठेतरी पडून होती. उतरवून घ्यायला भिवंडीचं दार लागलं. कादंबरीला 1975 चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. तिच्या पानांत भिवंडी नाही.

मी हे दादाला सांगितलं तेव्हा त्याचा स्थानिक अभिमान दुखावला. "जळलो आपण आणि कादंबरी रावळपिंडीची?" आणि मग त्याच्या व्यापारी डोक्यातून निघालं, "म्हणजे जॉबवर्क."

मला मात्र यात आपल्या गावाचा अपमान दिसत नाही. भीष्म साहनींनी इथल्या घरांचं वर्णन करणारी कादंबरी लिहिली असती, तर ती चांगल्या मनाच्या पाहुण्याची कादंबरी झाली असती. पाहुण्यांच्या कादंबऱ्यांत शहर ऐतिहासिक असतं.

पुढचा भाग तर पुतणीच्या अभ्यासक्रमात असायला हवा. गोविंद निहलानींनी 'तमस' दूरदर्शनसाठी केला. निहलानी कराचीचे, फाळणीत लहानपणीच इकडे आलेले. (पायल कपाडियांच्या आई, चित्रकार नलिनी मलानी, याही कराचीच्याच, 1946 चा जन्म, तान्ह्या वयात इकडे आलेल्या. हा योगायोग आहे, पण कराचीचं इतकं सामान मुंबईत कसं येऊन पडलं, याचा कुणीतरी हिशेब मांडायला हवा.) 1988 मध्ये मालिका दाखवायला लागल्यावर ती बंद करा म्हणून लोक कोर्टात गेले. मुंबई उच्च न्यायालयाच्या न्यायमूर्तींनी स्वतः ती पाहिली आणि चालू राहू दे म्हणून सांगितलं. सर्वोच्च न्यायालयानेही तेच म्हटलं. त्या मालिकेत आपलं चहाचं दुकान सोडून बायकोसह रात्री गाव सोडणारा म्हातारा हरनामसिंग आहे. बायको दीना पाठक. आणि हरनामसिंग झाले होते स्वतः भीष्म साहनी. म्हणजे ज्याने ते दिवस पाहिले, ज्याला ते भिवंडीत आठवले, ज्याने त्यातून एक काल्पनिक म्हातारा रचला, तोच मुंबईत दाढी आणि पगडी चढवून तो म्हातारा झाला. दिग्दर्शकाने "कट" म्हटल्यावर तो कोण म्हणून चहा प्यायला असेल?

असल्या गुंतागुंतीचा आम्हाला नवा म्हणून बाऊ करायचं कारण नाही. आमच्या सिनेमाचे आद्यपुरुष दादासाहेब फाळके धंद्याला कंटाळून काशीला गेले आणि आत्मचरित्र लिहायचं सोडून 'रंगभूमी' नावाचं नाटक लिहून बसले, ज्यात एक नाटकवाला आहे. त्या नाटकाचा माग काढत कमल स्वरूप यांनी 2013 मध्ये त्याच नावाची फिल्म केली आणि तिला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. फाळक्यांनी स्वतःला शोधायला दुसरा माणूस रचला, आणि स्वरूपांनी फाळक्यांना शोधायला तो दुसरा माणूस धरला. इतकंच काय, 'राजा हरिश्चंद्र'ची जी रिळं आपण 1913 ची म्हणून हात जोडून बघतो, ती 1917 साली फाळक्यांनी पुन्हा केलेल्या आवृत्तीची असल्याचं अभ्यासक मानतात. पहिल्याची आठवण दुसऱ्याने सांभाळली.

पुतणीने शेवटी एक युक्ती केली. ती म्हणाली, "आत्या, तुला तुझी आठवण सांगायची नाही. तू आजीचं काम करायचं."

ताईने आधी साफ नकार दिला, आणि मग विचारलं की आईचं नऊवारी कुणाकडे आहे. नऊवारी वहिनीकडे निघालं. ताईने आईचा चष्मासुद्धा शोधून आणला, ज्यातून तिला काही दिसत नव्हतं. मैत्रीण म्हणून पुतणीच्या कॉलेजातली एक मुलगी आणली. ती नागपूरची, मोमीन नाही, विणकर नाही, लोणचंही खात नाही. मागच्या दाराशी तिला चिंध्यांचं गाठोडं देऊन उभं केलं. संवाद लिहिलेले नव्हते. तिने कडी वाजवायची, ताईने दार उघडायचं, आणि मेथीच्या वेळी सांगितलं तसं काहीतरी बोलायचं.

कडी वाजली. ताईने दार उघडलं, अर्धंच. त्या मुलीकडे पाहिलं, गल्लीत दोन्हीकडे पाहिलं, आणि आईच्या आवाजात, अगदी आईच्या आवाजात म्हणाली, "आत्ता नको येऊस गं. थोडे दिवस नको. आमच्याकडे बरं दिसत नाही." आणि दार लावून घेतलं.

नागपूरची मुलगी गाठोडं घेऊन बाहेर उभी. पुतणी गप्प. मीही गप्प. ताईने चष्मा काढला, पुसला आणि म्हणाली, "गुण्यागोविंदाने म्हणे," आणि मग एकदम, "मी मोरीत होते. मला वाटलं, आईला कळलं नाही मी ऐकलं ते."

एवढंच. त्यावर घरात चर्चा झाली नाही. चहा झाला.

त्यानंतर पुतणीने फिल्मसाठी एक पत्र रचलं. आजीने मालेगावला मैत्रिणीला लिहिलेलं. ये म्हणून. बरणी अजून तुझ्याकडेच आहे, असं काहीतरी त्यात होतं, छान होतं. पोस्टकार्डावर, कारण पोस्टकार्ड पडद्यावर चांगलं दिसतं. अक्षर तिने माझ्याकडून लिहून घेतलं. माझं अक्षर आईवर गेलंय. ताईने ते वाचलं आणि शिक्षिकेच्या नजरेने त्यातली चूक पकडली. "तिला मराठी वाचता येत नव्हतं. आईला उर्दू लिहिता येत नव्हतं. मग हे पत्र वाचलं कुणी? गोष्ट रचायची तर नीट रचावी."

"फिल्ममध्ये चालतं, आत्या."

"शाळेत चालत नाही."

फिल्म तयार झाली तेव्हा आम्ही ती घरीच पाहिली. भिंतीवर चादर लावून. बघायला मागच्या गल्लीतले चाचाही आले. चाचा जन्मभर मागांवर जॉबर होते. दादाची आणि त्यांची ओळख मोहल्ला समितीतली. भिवंडीत पोलिस उपायुक्त असताना सुरेश खोपडे यांनी या समित्या गल्लोगल्ली बसवल्या, आणि 1992-93 मध्ये मुंबई पेटली तरी भिवंडी शांत राहिली. खोपड्यांनी त्यावर पुस्तकही लिहिलं. दादा मात्र त्या समितीबद्दल फक्त एवढंच सांगतो की चहा फार व्हायचा.

चाचांनी सगळी फिल्म मान हलवत पाहिली. संपल्यावर म्हणाले, "बहोत अच्छी है बेटा. मगर आवाज़ ग़लत है."

कुठला आवाज?

"माग का. ये तो रॅपियर है. उस ज़माने में रॅपियर कहाँ था? शटल था. खटाक-खटाक. इसमें शटल ही नहीं है." आणि त्यांनी खुर्चीच्या हातावर दोन्ही तळव्यांनी ताल धरला, डावीकडून उजवीकडे, उजवीकडून डावीकडे, मध्ये किंचित अडखळत. तो अडखळणारा ठेका म्हणजे त्यांच्या पहिल्या शेठचा सतरा नंबरचा माग होता म्हणे. पुतणीने धावत जाऊन माइक आणला. फिल्ममध्ये आता तो खुर्चीचा आवाज आहे, आणि ऐकणाऱ्याला तो मागाचाच वाटतो.

चाचा ठेका धरत असताना ताई विचारात पडली होती. एकाएकी म्हणाली, "वाचायला कोण म्हणजे काय! मालेगावला तिचा भाचा होता ना शाळेत. मराठी शाळेत. त्याने वाचून दाखवलं असतं. पण पोहोचलंच नाही ते."

"काय पोहोचलं नाही?" मी विचारलं.

"पत्र. परत आलं होतं. पत्ता सापडत नाही, असा पोस्टाचा शिक्का होता. आईने ट्रंकेत ठेवलं होतं, गोधडीच्या घडीत."

मी पुतणीकडे पाहिलं. पुतणीने माझ्याकडे. पत्र आम्ही दोघांनी बाहेरच्या खोलीत बसून लिहिलं होतं, मी शाईच्या पेनाने आणि तिने चहाचे डाग पाडून.

"मग कुठेय ते?" दादाने विचारलं.

"मला काय विचारतोस? ट्रंक तूच विकलीस. भंगारवाल्याला. नव्वद रुपयांना."

"ट्रंक विकली," दादा ताडकन म्हणाला. "पत्र नाही विकलं. पत्र मी काढून ठेवलं होतं."

"तू?"

"मीच. माळ्यावर. वडिलांच्या हिशेबाच्या वह्या आहेत त्यांत."

चाचांनी शिडी धरली, दादा या वयात माळ्यावर चढला, वहिनी खालून ओरडत राहिली, आणि वर वह्यांची एकेक चवड सरकू लागली तशी धूळ खाली चादरीवर, प्रोजेक्टरच्या उजेडात पडायला लागली. ताई शिडीच्या पायाशी उभी राहून सूचना देत होती. "उजवीकडे बघ. लाल वहीत असेल. अरे, निळं इनलँड आहे, निळं, लगेच दिसेल."

पुतणीने कॅमेरा सुरू केला होता. तो डोळ्याला लावूनच ती माझ्या कानाशी पुटपुटली, "काका, आपण तर पोस्टकार्ड लिहिलं होतं."